हुन्नर, वय आणि पैसा

एखादा बोलपट लोकप्रिय झाला म्हणजे त्याचा उत्तरार्ध निघतो, आणि त्यांत नायक बहुधा जुनेच पराक्रम पुन्हां करून दाखवितो. इ. स. १९८६ सालीं मार्टिन स्कॉर्सेसी यांनीं दिग्दर्शित केलेला ‘द कलर ऑफ मनी’ हा अमेरिकन बोलपट यास अपवाद होय.

त्याचा पूर्वार्ध ‘द हसलर’ हा रॉबर्ट रॉसन यांचा, साल १९६१. त्यांतील एडी फेल्सन हा तरुण बिलियर्डच्या जातीच्या ‘पूल’ या खेळांत निष्णात असून पैजा मारून खेळतो. डावास पैसा पुरवून नफ्याचा मोठा वाटा घेणाऱ्या एका गृहस्थाच्या तो नादीं लागतो. अखेर तो जिंकतो खरा. परंतु त्याच्यावर प्रेम करणारी स्त्री प्राणास मुकते, आणि त्या गृहस्थास वाटा नाकारल्यामुळें मोठ्या खेळगृहांचीं दारें त्याला बंद होतात.

पंचवीस वर्षांनीं तोच एडी पॉल न्यूमन यांच्याच रूपानें पुन्हां भेटतो. केस पिकले आहेत. तो मद्य विकतो, आणि स्वतः खेळावयाचें सोडून इतरांच्या खेळावर पैसे लावतो. ज्यानें त्याला राबविलें, त्याचीच जागा त्यानें घेतली आहे! व्हिन्सेंट नांवाचा तरुण केवळ आनंदासाठीं खेळतो; एडी त्याला मुद्दाम हरून गिऱ्हाईक कसें फसवावें तें शिकवितो.

पुढें एक अनोळखी तरुण एडीलाच असा फसवितो. खजील होऊन तो शिष्यास निरोप देतो, डोळे तपासून चष्मा घेतो आणि सरावास लागतो. दृष्टि मंदावली हें कबूल केल्यावांचून नेम साधत नाहीं.

अटलांटिक सिटी येथील सामन्यांत तो व्हिन्सेंटला हरवितो. परंतु व्हिन्सेंट पैशांचें पाकीट पुढें करून सांगतो कीं, आपण मुद्दाम हरलों. हा तुमचा वाटा. गुरूची विद्या गुरूस परत मिळाली! पुढच्या डावांत चेंडूवर स्वतःचें प्रतिबिंब दिसतांच एडी सामना सोडतो, पैसे परत करतो आणि व्हिन्सेंटला खरा खेळ खेळण्याचें आव्हान देतो. त्या डावाचा निकाल बोलपट सांगत नाहीं. कारण एडीला आतां पैशापेक्षां खेळ हवा आहे. याच भूमिकेबद्दल न्यूमन यांस १९८७ सालीं ऑस्कर पारितोषिक मिळालें.

हा बोलपट लहान मुलांकरितां नव्हे. म्हणून त्याचें सार येथें दिलें. व्यवहारज्ञान या नांवाखालीं आम्ही शिक्षक व पालक जें जें मुलांस शिकवितों, तें तीं फार चांगलें शिकतात, एवढें आम्हीं विसरूं नये.