नाशिकमधल्या साऱ्या ‘प्रेस’

नाशिकरोडला कुणी ‘प्रेसमध्ये आहे’ असे सांगितले, की ऐकणारा एवढेच विचारतो: नोट प्रेस की सिक्युरिटी प्रेस? जेल रोड, उपनगर, नेहरूनगर या भागांत पिढ्यान्‌पिढ्या या शब्दाला दुसरा अर्थ नाही. जिल्हाधिकारी कार्यालयाच्या आवारात मात्र ‘प्रेस आली आहे’ म्हणजे पत्रकार आले आहेत. अंबडच्या औद्योगिक वसाहतीत ‘प्रेसवर काम करतो’ म्हणणारा माणूस पोलादी साच्यात पत्रा दाबत असतो, आणि दिंडोरी तालुक्यातल्या वायनरीत ‘प्रेस भरली’ म्हणजे द्राक्षे रस काढण्यासाठी यंत्रात गेली. शहर एक, शब्द एक, आणि ते बोलणारे चौघेही बिनचूक बोलतात.

इंग्रजीतला हा शब्द लॅटिनमधून फ्रेंचमार्गे आला. मूळ क्रियापदाचा अर्थ दाबणे, चेपणे. इंग्रजीत तो आधी गर्दीसाठी वापरला जाई, कारण गर्दीत माणसे एकमेकांवर दाबली जातात. पुढे दाब देणाऱ्या यंत्राला तेच नाव मिळाले. यंत्राचे नाव यंत्र असलेल्या जागेला लागले, जागेचे नाव तिथून निघणाऱ्या मालाला आणि शेवटी तो माल तयार करणाऱ्या माणसांना. नाशिकचे वैशिष्ट्य असे, की या प्रवासातला जवळजवळ प्रत्येक टप्पा जिल्ह्यात आजही चालू व्यवसाय म्हणून पाहता येतो.

यातली सर्वांत जुनी प्रेस द्राक्षांची. युरोपात शतकानुशतके लाकडी मळसूत्र फिरवून, वरची फळी खाली आणून द्राक्षांचा रस काढत. नाशिकमध्ये हा उद्योग तसा अलीकडचा. १९९०च्या दशकाच्या अखेरीस गंगापूर धरणाच्या परिसरात सुला व्हिनयार्ड्सची सुरुवात झाली. २००१ मध्ये महाराष्ट्र सरकारने द्राक्ष प्रक्रिया उद्योगाचे धोरण आणले आणि निफाड तालुक्यात विंचूरला वाइन पार्क उभे राहिले. आजच्या वायनरीतली प्रेस बहुधा आडव्या पोलादी पिंपासारखी असते. आत एक लवचिक पडदा असतो. त्यात हवा भरली की तो फुगतो आणि द्राक्षांना हलकेच जाळीकडे रेटतो. हलकेच, कारण इथे जास्त दाब हा दोष मानला जातो. दाब साधारण दोन बारच्या आत ठेवतात. त्यापलीकडे गेले तर बिया चिरडतात आणि त्यांचा कडवटपणा रसात उतरतो. प्रेस केव्हा चालवायची, हेही वाइनच्या रंगावर ठरते. पांढऱ्या वाइनसाठी द्राक्षे आधी दाबतात आणि नुसता रस आंबवतात. लाल वाइनसाठी साली आणि बियांसकट आंबवण होऊ देतात आणि प्रेस नंतर चालते, कारण लाल रंग सालीत असतो. दाब देण्याआधी आपोआप निथळलेला रस वेगळा ठेवतात, आणि अनेक वाइनकारांच्या मते तोच सर्वांत उंची.

पंधराव्या शतकाच्या मध्यावर योहान गुटेनबर्गने जर्मनीतल्या माइन्झ गावी सुट्या धातूच्या खिळ्यांनी छपाई सुरू केली, तेव्हा कागदावर सारखा दाब द्यायला त्याला यंत्र हवे होते. ऱ्हाइन नदीकाठचा तो प्रदेश द्राक्षांचा. त्याची लाकडी मळसूत्री प्रेस द्राक्षे आणि कागद दाबणाऱ्या यंत्रांवरूनच बेतली होती, असे मुद्रणाचे इतिहासकार मानतात. भारतात अशी पहिली प्रेस १५५६ मध्ये गोव्यात उतरली. मराठीने या यंत्राला आणि त्याच्या जागेला छापखाना म्हटले. दाबापेक्षा त्यातून उमटणारी छाप मराठी माणसाला महत्त्वाची वाटली, आणि हे नामकरण अतिशय नेमके आहे. द्राक्षाच्या प्रेसमधून वस्तू बाहेर येते, छापखान्यातल्या प्रेसमधून खूण.

नाशिकरोडची प्रेस हे या दुसऱ्या अर्थाचे सर्वांत कडेकोट रूप. १८५५ पासून भारताची टपाल तिकिटे लंडनच्या ‘थॉमस डी ला रू’ कंपनीकडून छापून येत. नोटाही इंग्लंडमधूनच येत. ही छपाई भारतात करता येईल का, हे तपासण्यासाठी १९२२ मध्ये सरकारने मुंबई टांकसाळीचे प्रमुख कर्नल विलिस आणि सरकारी छपाईखात्याचे प्रमुख अ‍ॅस्कोली यांना अभ्यासाचे काम दिले. जागा नाशिकरोडला ठरली. मुंबईपासून जवळ, देशभर जाणाऱ्या रेल्वेच्या मुख्य मार्गावर, आणि हवा मानवणारी. हवेचा मुद्दा वाटतो तेवढा किरकोळ नाही. दमट हवेत कागद फुगतो, कोरड्या हवेत आकसतो, आणि एकाच कागदावर अनेकदा छपाई करायची तर केसाएवढा फरकही चालत नाही. १९२५च्या सुमारास इथे तिकिटांची छपाई सुरू झाली. १९२८ मध्ये शेजारी करन्सी नोट प्रेस उभी राहिली आणि तिथून पाच रुपयांची नोट बाहेर पडली.

सरकारी पाट्यांवर या दोन संस्थांची नावे ‘भारत प्रतिभूति मुद्रणालय’ आणि ‘चलार्थ पत्र मुद्रणालय’ अशी आहेत. गावात ती कुणी उच्चारत नाही. ‘सिक्युरिटी’ या शब्दाने इथे बराच घोटाळा होतो. दारावरच्या कडक पहाऱ्यामुळे हे नाव पडले असावे, असे पुष्कळांना वाटते. प्रत्यक्षात ज्या कागदाला पैशाची किंवा कायद्याची किंमत असते, त्याला मुद्रणव्यवसायात ही संज्ञा आहे. नोटा, तिकिटे, न्यायालयीन मुद्रांक, स्टॅम्प पेपर, पासपोर्ट हे सारे त्यात येते. अशा छपाईत दाबाला वेगळेच काम असते. शंभर रुपयांच्या नोटेवरून बोट फिरवले तर गांधीजींच्या चित्राशी शाई किंचित उंच लागते. धातूच्या पत्र्यावर चित्र कोरून काढतात, कोरलेल्या रेघांत शाई भरतात, बाकीचा पत्रा पुसून कोरडा करतात आणि कागद त्यावर प्रचंड दाबाने बसवतात. कागद त्या खाचांत शिरून शाई उचलतो. साध्या छपाईत शाई कागदावर सपाट बसते, इथे तिला उंची मिळते. ही उंची झेरॉक्सला साधत नाही, आणि दृष्टिहीन माणसाला तीच नोट ओळखायला उपयोगी पडते.

या प्रेसचा इतिहास देशाच्या इतिहासात मिसळलेला आहे. १९३१ मध्ये नवी दिल्लीच्या उद्घाटनानिमित्त निघालेली तिकिटे इथे छापली गेली. २१ नोव्हेंबर १९४७ रोजी आलेले, तिरंगा आणि ‘जय हिंद’ ही अक्षरे असलेले स्वतंत्र भारताचे पहिले तिकीटही इथलेच. फाळणीनंतर नव्या पाकिस्तानकडे स्वतःची अशी छपाईची सोय नव्हती. त्यामुळे १९४७ मध्ये भारतीय तिकिटांवर पाकिस्तानचे नाव उमटवण्याचे काम नाशिकला झाले आणि पाकिस्तानच्या सुरुवातीच्या नोटाही इथल्याच. तिकीटसंग्राहकांच्या जगात त्या तिकिटांना ‘नाशिक ओव्हरप्रिंट’ असेच नाव आहे. २००६ पासून दोन्ही प्रेस भारत प्रतिभूती मुद्रण तथा मुद्रा निर्माण निगम या सरकारी कंपनीत आहेत. नाणी मात्र टांकसाळीत पाडली जातात. तिथेही धातूची चकती दोन ठशांमध्ये दाबणारी प्रेसच असते, पण टांकसाळीला प्रेस कुणी म्हणत नाही.

छापण्याच्या यंत्रावरून वर्तमानपत्रांना आणि पुढे पत्रकारांना प्रेस म्हटले जाऊ लागले. या वळणावर शब्दाला राजकारण चिकटले, आणि नाशिकचा त्यात थेट संबंध आहे. जून १९०९ मध्ये बाबाराव सावरकरांना कविता प्रकाशित केल्याबद्दल जन्मठेप झाली. त्याच वर्षी २१ डिसेंबरला विजयानंद नाट्यगृहात अनंत कान्हेरे यांनी जिल्हाधिकारी जॅक्सन याच्यावर गोळ्या झाडल्या. पुढच्या दोन महिन्यांत, फेब्रुवारी १९१० मध्ये, ‘इंडियन प्रेस अ‍ॅक्ट’ लागू झाला. या कायद्याने नवा छापखाना चालवणाऱ्याकडून ५०० ते २,००० रुपये अनामत घेण्याचा अधिकार सरकारला मिळाला. सरकारला आक्षेपार्ह वाटेल असे काही छापले तर ती जप्त होई. या अनामतीला कायद्यात ‘सिक्युरिटी’ हाच शब्द होता. १९१० मध्ये ‘प्रेस’ आणि ‘सिक्युरिटी’ हे दोन शब्द एकत्र आले की मुद्रकाच्या मानेवरची टांगती तलवार दिसे. पंधराच वर्षांनी नाशिकरोडला तेच दोन शब्द एका सरकारी कारखान्याचे नाव झाले.

हा कायदा १९२२ मध्ये रद्द झाला. त्याहून जुना, छापखाने आणि पुस्तकांच्या नोंदणीचा १८६७चा कायदा मात्र दीडशेहून अधिक वर्षे टिकला. त्यात प्रेस म्हणजे यंत्रच होते. यंत्र बाळगणाऱ्याने दंडाधिकाऱ्यासमोर जाहीर निवेदन करायचे आणि प्रत्येक छापील कागदावर मुद्रकाचे नाव व छपाईचे ठिकाण टाकायचे. वर्तमानपत्राच्या तळाशी बारीक टाइपात ‘मुद्रक व प्रकाशक’ यांची ओळ दिसते, ती त्यातूनच आली. राज्यघटनेच्या मूलभूत हक्कांत प्रेस हा शब्दच नाही. कलम १९(१)(क) मध्ये भाषण आणि अभिव्यक्तीचे स्वातंत्र्य आहे. वृत्तपत्रांचे स्वातंत्र्य त्यातच येते, हे सर्वोच्च न्यायालयाने १९५० मध्ये रोमेश थापर खटल्यात सांगितले. या अर्थाच्या प्रेसला यंत्र लागत नाही. मोबाइलवर बातमी देणारा वार्ताहर आयुष्यात छापखान्याची पायरी न चढताही गाडीवर ‘प्रेस’ लिहितो. १८६७च्या कायद्याची जागा २०२३च्या नियतकालिक नोंदणी कायद्याने घेतली आहे. शीर्षकात ‘प्रेस’ अजून आहे, पण आता भर नियतकालिकावर आहे.

सातपूर आणि अंबडला हा शब्द पुन्हा अगदी शारीरिक होतो. मोटारींचे सुटे भाग करणाऱ्या कारखान्यांत ‘प्रेस शॉप’ हा स्वतंत्र विभाग असतो. वरचा पंच, खालची डाय, मध्ये पत्रा. एका फटक्यात पत्रा कापला जातो, दुसऱ्यात वाकतो, तिसऱ्यात त्याला भोके पडतात. यंत्राची ताकद टनांत सांगतात. शंभर टनांची प्रेस म्हणजे तिचे वजन नव्हे, ती देऊ शकेल ते बल. हायड्रॉलिक प्रेस तेलाच्या दाबावर चालते. बंदिस्त द्रवावर दिलेला दाब सगळीकडे सारखा पोचतो, हा पास्कलचा नियम वापरून इंग्लंडच्या जोसेफ ब्रामाने १७९५ मध्ये तिचे पेटंट घेतले. ‘प्रेस फिट’ हा फिटरचा शब्द आणखी वेगळा. भोकापेक्षा किंचित जाड दांडा त्यात दाबून बसवायचा, म्हणजे स्क्रू-वेल्डिंगशिवाय तो पक्का राहतो. द्राक्षाच्या प्रेसवर बी सांभाळायचे असते, पत्र्याच्या प्रेसवर माणसाची बोटे. दोन्ही हातांनी दोन वेगळी बटणे एकदम दाबल्याशिवाय फटका बसणार नाही, अशी रचना त्यासाठीच करतात. उत्पादन वाढावे म्हणून यातले एक बटण कायमचे दाबून ठेवण्याचा प्रकार जिथे चालतो, तिथे तो गुन्ह्याइतकाच गंभीर मानला पाहिजे.

उत्तरेला खानदेशाकडे सरकले की ‘जिनिंग-प्रेसिंग’ ऐकू येते. सरकी काढलेली रुई फुललेली असते. ती दाबून १७० किलोची गाठ बांधली तरच वाहतूक परवडते. इथे काही बाहेर काढायचे नसते आणि आकारही द्यायचा नसतो, फक्त जागा वाचवायची असते. तेलाच्या बाटलीवरचे ‘कोल्ड प्रेस’ म्हणजे जास्त उष्णता न देता गाळलेले तेल, ज्याला घाण्याचे तेल हे नाव आधीपासून आहे. लॉन्ड्रीवाल्याची प्रेस म्हणजे इस्त्री. व्यायामशाळेत वजन छातीवरून वर रेटणे म्हणजे प्रेस. ऑलिंपिकच्या भारोत्तोलनातही याच नावाचा प्रकार १९७२च्या म्युनिक स्पर्धेपर्यंत होता.

या सगळ्याला एकच मराठी प्रतिशब्द देणे अशक्य आहे, आणि मराठीने तसा हट्टही धरला नाही. १९६० मध्ये स्थापन झालेल्या राज्याच्या भाषा संचालनालयाने विषयवार परिभाषा कोश काढले, ते याच कारणाने: यंत्रशास्त्रातला शब्द वृत्तपत्रविद्येत जसाच्या तसा लावता येत नाही. छापखाना, मुद्रणालय, वृत्तपत्रे, इस्त्री, घाणा हे शब्द रुजले. दाबयंत्र पुस्तकात राहिले, कारखान्यात गेले नाही. ‘प्रेस नोट’चे प्रसिद्धिपत्रक झाले, आणि ते चांगले झाले, कारण नोट प्रेसच्या गावात ‘प्रेस नोट’ हा शब्द नवख्याला भलतीकडे नेऊ शकतो.

उलट उदाहरण साखर कारखान्यांचे आहे. उसाचा रस चुन्याने निवळला की तळाशी गाळ बसतो. पूर्वी तो कापडी पडद्यांच्या फिल्टर प्रेसमध्ये दाबून त्यातला उरलेला रस काढत. आता बहुतेक ठिकाणी फिरते निर्वात गाळणयंत्र आहे, तरी मागे उरणाऱ्या काळपट चोथ्याचे ‘प्रेसमड’ हे नाव बदललेले नाही. शंभर टन उसामागे तो साधारण तीन-चार टन निघतो. त्यात सेंद्रिय पदार्थ आणि स्फुरद भरपूर असते, पण ताजा चोथा शेतात तापतो, म्हणून आधी कुजवावा लागतो. त्याला मराठीत मळी म्हणतात. अडचण अशी, की ज्यापासून मद्यार्क आणि इथेनॉल काढतात, त्या साखरेच्या घट्ट पाकालाही मराठीत मळीच म्हणतात. एक मळी टँकरमधून डिस्टिलरीला जाते, दुसरी ट्रॉलीतून शेतात. त्यामुळे कारखान्यावर खत मागायला गेलेला निफाडचा किंवा दिंडोरीचा शेतकरी मळी न म्हणता ‘प्रेसमड’ म्हणतो, आणि त्याला हवा तोच माल मिळतो.