किचन चिमणीला कार्बन फिल्टर लागतो का? आधी पाइप कुठे जातो ते बघा

चिमणी घ्यायला गेलं की बिल करताना दुकानदार हमखास म्हणतो, "कार्बन फिल्टर पण घेऊन टाका, वास राहणार नाही." ऑनलाइन कार्टमध्येही खाली तीच सूचना येते. घ्यायचा का? मला हा प्रश्न इतक्या जणांनी विचारलाय की एकदाच नीट लिहून टाकतो.

याचं उत्तर ब्रँडवर किंवा किमतीवर नाही, पाइपवर ठरतं. चिमणीतून निघालेला पाइप बाहेर मोकळ्या हवेत जात असेल, तर कार्बन फिल्टर नको. धूर, वाफ, वास सगळं घराबाहेर जातंय, मग वास पकडायचा कशाला? उलट तो बसवला तर मोटरला आणखी एका थरातून हवा ओढावी लागते आणि सक्शन कमी होतं.

पाइपच नसेल, म्हणजे चिमणी डक्टलेस असेल, तर ती हवा गाळून परत तुमच्याच किचनमध्ये सोडते. तिथे मात्र कार्बन फिल्टर हवाच. तो नसेल तर तुम्ही वास फक्त घरभर फिरवताय.

पण चिमणीत फिल्टर असतोच की! असतो, पण तो तेलाचा. बॅफल फिल्टरमध्ये हवेला वाकड्यातिकड्या वाटेने जावं लागतं. तेलाचे थेंब जड, त्यांना पटकन वळता येत नाही, ते पत्र्यावर आपटून तिथेच चिकटतात. वासाचे रेणू मात्र वायूसारखे हवेबरोबर आरामात पुढे निघून जातात. त्यांच्यासाठी अॅक्टिव्हेटेड कार्बन लागतो. हा नारळाच्या करवंटीपासून, लाकडापासून किंवा दगडी कोळशापासून बनवतात, आणि त्याला इतकी बारीक छिद्रं असतात की एका ग्रॅमचं आतलं पृष्ठफळ शेकडो चौरस मीटर भरतं. म्हणजे चिमूटभर कोळशात कित्येक वन बीएचके! वासाचे रेणू या पृष्ठभागावर चिकटून बसतात.

जागा भरली की खेळ संपला. साधा कार्बन फिल्टर धुऊन परत वापरता येत नाही (धुता येणारे काही प्रकार मिळतात, पण तसं मॅन्युअलमध्ये स्पष्ट लिहिलेलं असेल तरच धुवा). साधारण ३ ते ६ महिन्यांनी तो बदलायचा असतो. रोज फोडणी, तळण आणि आठवड्यातून दोनदा मच्छी असेल तर त्याआधीच. रात्री तळलेल्या बोंबलाचा वास सकाळी चहा करताना येत असेल, तर फिल्टर बदलायला झालाय असं समजा. म्हणून डक्टलेस चिमणी घेताना फक्त चिमणीची किंमत बघू नका, वर्षाला लागणारे फिल्टर धरून हिशोब करा.

आता महत्त्वाचं, जे दुकानात सहसा कोणी सांगत नाही. कार्बन फिल्टर उष्णता, वाफ आणि कार्बन मोनॉक्साइड अडवत नाही. घरगुती सिलेंडरमध्ये १४.२ किलो एलपीजी असतो. तो पूर्ण जळला की सुमारे २२ लिटर पाणी वाफेच्या रूपात तयार होतं, भाताची वाफ वेगळीच. डक्टलेस चिमणीत ही सगळी वाफ घरातच राहते. त्यामुळे कार्बन फिल्टर असला तरी खिडकी उघडी ठेवाच.

भाड्याच्या घरात मालक भिंतीला भोक पाडू देत नाही, ही खरी अडचण. अशा वेळी खिडकीची एक काच काढून तिथे गोल भोक पाडलेली अॅक्रिलिक शीट बसवता येते आणि पाइप त्यातून बाहेर काढता येतो. घर सोडताना काच परत लावायची. तेही जमत नसेल तर माझं मत स्पष्ट आहे: डक्टलेस चिमणीपेक्षा खिडकीतला साधा एक्झॉस्ट फॅन बरा. तेलकट होईल, पण हवा बाहेर तरी टाकेल.

पाइप आहे म्हणून लगेच निश्चिंतही होऊ नका. काही फ्लॅटमध्ये तो काचा लावून बंद केलेल्या ड्राय बाल्कनीत सोडलेला असतो, तिथून वास परत आत येतो. मोबाइलचा टॉर्च लावून पाइपचं दुसरं टोक एकदा बघून घ्या.

आणि "फिल्टरलेस" किंवा "ऑटो क्लीन" या शब्दांनी गोंधळू नका. ते तेलाच्या भागाबद्दल आहेत, कार्बनशी त्यांचा संबंध नाही. कार्बन फिल्टर ऑर्डर करण्याआधी मॅन्युअलची पीडीएफ उघडून "डक्टलेस" किंवा "रिसर्क्युलेशन" शोधा. त्यात तो मोडच दिलेला नसेल, तर तुमच्या मॉडेलमध्ये कार्बन फिल्टर बसवायला बहुधा जागाच नसेल.