गिटार सिंथ, संगणक आणि हळदीची रात्र

आपल्या कर्जत-खालापूरकडे हळद म्हटली की बेंजो पार्टी आलीच. तिथे आम्ही गिटारवरून ट्रम्पेट काढतो तो रोलँडच्या जीआर-५५ वर. मशीन २०११ सालचं. गिटारवर वेगळा पिकअप बसवायचा, तो सहाही तारांचा आवाज वेगवेगळा पाठवतो.

आता संगणक यात काय करतो? आवाज तो काढत नाही हं. मशीनच्या एवढ्याशा पडद्यावर पानं उलटत बसण्यापेक्षा फ्लोअरबोर्ड नावाच्या मोफत एडिटरमध्ये सगळं एका नजरेत दिसतं. यूएसबीच्या वायरीतून फक्त आकडे जातात.

खरा फायदा बघा. जाड सहावी तार सेकंदाला ८२ वेळा कंप पावते, म्हणजे एका कंपनाला १२ मिलिसेकंद. सूर ओळखायला मशीनला निदान तेवढं थांबावंच लागतं आणि ट्रम्पेट ऑक्टापॅडच्या मागे पडतो. सगळ्यात बारीक तारेला हेच ३ मिलिसेकंद. म्हणून आम्ही एडिटरमध्ये ट्रम्पेट फक्त बारीक तीन तारांवर ठेवतो. जाड तारांना मॉडेलिंगचा आवाज, त्याला सूर ओळखत बसावं लागत नाही.

पॅच जुळला की आधी 'राइट' करा. एका हळदीत आम्ही विसरलो. दुसऱ्या पॅचवर जाऊन परत आलो, तर जुनाच आवाज! नाचणारे थांबून आमच्याकडे बघायला लागले.

मशीनमध्ये आपले २९७ पॅच मावतात, बाकीचे फाइल करून संगणकावर ठेवता येतात. नवे मूळ आवाज मात्र त्यात भरता येत नाहीत.