मासेमारीचें चित्रण

धारूर बालाघाटाच्या डोंगरांत वसलेलें. समुद्र तेथून शेंकडों मैल दूर. तरीहि येथील एखाद्या तरुणास मासेमारी व वन्यजीवरक्षण या विषयावर चित्रपट काढावयाचा असेल, तर सौराष्ट्राच्या किनाऱ्यावर घडलेली हकीकत त्यानें अवश्य समजून घ्यावी.

व्हेल शार्क हा मुशीच्या वर्गांतील प्राणी जगांतील सर्व माशांत मोठा. त्याची लांबी चाळीस फुटांपर्यंत, क्वचित् त्याहूनहि अधिक भरते. परंतु हा सूक्ष्म जीव गाळून खाणारा, माणसाच्या वाटेस न जाणारा मासा आहे. तिकडील मच्छीमार त्याला मोठा गळ अडकवीत व गळाच्या दोरास रिकामीं पिंपें बांधीत. तीं ओढतां ओढतां तो थके. त्याच्या यकृताचें तेल नावांच्या लांकडास लावीत. पुढें मांसहि परदेशीं जाऊं लागलें. माइक पांडे यांनीं हें सर्व चित्रित केलें. त्यांचा ‘शोअर्स ऑफ सायलेन्स’ हा चित्रपट २००० सालीं आला आणि २००१ सालीं ह्या माशास वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचींत स्थान मिळालें.

कायदा झाला, पण कोळ्याच्या जाळ्याचें काय? मासा चुकून जाळ्यांत शिरला, तर त्यास सोडविण्यासाठीं जाळें कापावें लागतें, आणि जाळें हेंच कोळ्याचें भांडवल! मच्छीमारास केवळ खलपुरुष म्हणून दाखविणारा चित्रपट म्हणूनच अर्धवट ठरतो. २००४ सालीं सुरू झालेल्या मोहिमेंत कथाकार मोरारीबापूंनीं ह्या माशास माहेरीं बाळंतपणासाठीं आलेल्या लेकीची उपमा दिली, ती किनाऱ्यावरील लोकांच्या मनाला भिडली. जाळ्याची भरपाई मिळूं लागली. महाराष्ट्रांतहि २०१८ सालापासून संरक्षित प्राणी सोडण्यासाठीं जाळें कापणाऱ्यास पंचवीस हजार रुपयांपर्यंत साहाय्य देण्याची योजना निघाली. मौज अशी कीं, पुरावा म्हणून सुटकेचें छायाचित्र वा चित्रण लागतें. म्हणजे कोळीच चित्रकार झाला!

आतां थोडें तंत्राविषयीं. भर दुपारीं पाण्यावर ऊन चकाकतें. सकाळचा किंवा सायंकाळचा तिरपा प्रकाश घ्यावा. डोलत्या नावेंतून दूरचें भिंग वापरल्यास चित्र थरथरतें. वाऱ्याच्या घोंगावण्यांत माणसाचें बोलणें बुडतें, यास्तव ध्वनि निराळा घ्यावा. चांगल्या दृश्याच्या लोभानें पक्ष्याला घरट्यावरून उठविणें हा तर अपराधच.

समुद्र नसला म्हणून धारूरकरांचें अडत नाहीं. माजलगांवचा सिंदफणेवरील जलाशय जवळच आहे. तेथें पहांटे भोयांच्या बरोबर जावें, त्यांच्या परवानगीनें, आणि पहिले कांहीं दिवस यंत्र पिशवींतच ठेवावें. मग जाळ्याचा आस, तें ओढणारे हात व टोपलींतील माशांची लांबी हीं एकाच दृश्यांत घ्यावींत. पिलें पकडलीं जातात कीं नाहीं, आणि जात असल्यास तो भोई तीं कां सोडूं शकत नाहीं, हें त्याच्याच तोंडून ऐकावें.