वीस शिलिंगांचा खटला

सारा भरणाऱ्या आमच्या वाचकांस जॉन हॅम्पडेनची हकीकत सांगण्याजोगी वाटते. इंग्लंडांतील बकिंगहॅमशायर परगण्याचा हा बडा जमीनदार व पार्लमेंटचा सभासद. राजास सक्तीचें कर्ज देण्याचें नाकारल्यावरून १६२७ सालीं तो तुरुंगांतही जाऊन आला होता. पुढें पहिल्या चार्ल्स राजानें, पार्लमेंटला न विचारतां, बंदरांपुरती असलेली 'जहाजपट्टी' १६३५ सालीं समुद्रापासून दूरच्या परगण्यांवरही बसविली. हॅम्पडेनच्या स्टोक मँडेव्हिल येथील जमिनीवर आकार आला अवघा वीस शिलिंग. एवढी रक्कम त्याच्या खिजगणतींतही नसावी. पण ती त्यानें भरली नाहीं. संमतीवांचून एक पट्टी मुकाट्यानें दिली, तर दुसरीस हरकत कोणत्या तोंडानें घ्यावयाची?

१६३७ सालीं बारा न्यायाधीशांपुढें खटला उभा राहिला. १६३८ त निकाल लागला : सात राजाकडे, पांच हॅम्पडेनकडे. तो हरला खरा, परंतु त्यानंतर पट्टीची वसुली थंडावत गेली, आणि १६४१ सालीं पार्लमेंटनें ती बेकायदा ठरविली. पुढल्याच वर्षीं यादवी पेटली. हॅम्पडेननें पायदळाची पलटण उभारली. जून १६४३ मध्यें चॅलग्रोव्हच्या लढाईंत तो जखमी झाला व सहा दिवसांनीं टेम गांवीं वारला.