मुदतीचे मोल

चंद्रपूर, बल्लारपूर, घुग्घुस किंवा गडचांदूर येथे कोळसा, वीज, कागद आणि सिमेंट यांच्या आश्रयाने चाकरी करणारा मनुष्य जेव्हा भाड्याच्या खोलीतून अथवा कंपनीच्या क्वार्टरमधून स्वतःच्या घरात जाण्याचा विचार करू लागतो, तेव्हा त्याच्या तोंडून पहिला प्रश्न निघतो तो ‘हप्ता किती बसेल?’ हाच, आणि हा प्रश्न इतका स्वाभाविक आणि वरवर पाहता इतका व्यवहारी असतो, की तो अपुरा आहे हे सांगणारे त्याला सहसा कोणी भेटत नाही. मुलांची फी, किराणा, गावाकडे आईवडिलांना पाठवायची रक्कम हे सारे वजा जाता जे उरते त्यात हप्ता बसला, की कर्ज परवडले असे तो धरून चालतो. परंतु कर्जाची खरी किंमत हप्त्याच्या आकड्यावरून कळत नाही; तो हप्ता किती वर्षे भरावयाचा आहे, आणि त्या वर्षांत आपली नोकरी, व्याजाचा दर आणि पायाखालची जमीन यांपैकी काय काय स्थिर राहणार आहे, यावरून ती कळते.

हिशेबच मांडून पाहावा. पंचवीस लाख रुपयांचे कर्ज, साडेआठ टक्के व्याज आणि वीस वर्षांची मुदत धरली, तर दरमहा हप्ता सुमारे २१,६९६ रुपये येतो. असे २४० हप्ते भरून झाले म्हणजे कर्जदाराने एकूण सुमारे ५२ लाख ७ हजार रुपये दिलेले असतात. म्हणजे मुद्दल २५ लाख आणि त्यावरचे व्याज २७ लाखांहून अधिक. हेच कर्ज पंधरा वर्षांत फेडावयाचे ठरवले, तर हप्ता २४,६१८ रुपये होतो, महिन्याला २,९०० रुपयांच्या आसपास अधिक. पण एकूण व्याज १९ लाख ३१ हजारांवर येते, आणि पावणेआठ लाख रुपये कुटुंबाजवळच राहतात. उलट, हप्ता हलका व्हावा म्हणून मुदत तीस वर्षे केली, तर महिन्याला अडीच हजारांच्याही आतली सवलत मिळते आणि व्याज ४४ लाखांच्या पुढे जाते. दर तिन्ही ठिकाणी तोच आहे, मुद्दलही तेच आहे. बदलला तो केवळ काळ, आणि काळ हाच या साऱ्या व्यवहारातील सर्वांत महाग माल आहे.

असे का घडते, याचे कारण गूढ नाही. व्याज शिल्लक मुद्दलावर आकारले जाते, आणि आरंभी जवळजवळ सारेच मुद्दल शिल्लक असते. म्हणून पहिल्या महिन्याच्या २१,६९६ रुपयांतले १७,७०८ रुपये व्याजात जातात आणि मुद्दलातून उणे होतात ते चार हजारांहूनही कमी. पाच वर्षे एकही हप्ता न चुकवता तेरा लाख रुपये भरणाऱ्या कर्जदाराने शाखेत जाऊन शिल्लक विचारली, तर ती २२ लाखांच्या वर निघते. दहा वर्षांनी, अर्धी मुदत संपल्यावरही, साडेसतरा लाख देणे उभेच असते. आता हा कर्जदार वेस्टर्न कोलफील्ड्सच्या (वेकोलि) खाणीत काम करणारा, पंचेचाळिसाव्या वर्षी कर्ज काढणारा आणि साठाव्या वर्षी निवृत्त होणारा आहे असे धरले, तर निवृत्तीच्या दिवशी त्याच्या डोक्यावर साडेदहा लाखांहून अधिक मुद्दल असेल, आणि जी रक्कम उतारवयाचा आधार म्हणून त्याने आयुष्यभर साठू दिली, त्या भविष्यनिर्वाह निधीवर बँकेचा हक्क नसला तरी गरजेपोटी तिचा मोठा भाग तिकडेच वळेल. कर्ज मंजूर करताना ही गोष्ट कागदावर दिसत असते. ती उच्चारली जावी, एवढीच अपेक्षा आहे.

आपल्याकडे दामदुपटाचा नियम पूर्वापार चालत आला आहे. धर्मशास्त्रातून आलेल्या आणि मुंबई इलाख्यातील न्यायालयांनीही मान्य केलेल्या या नियमाप्रमाणे एका वेळी वसूल करावयाचे व्याज मुद्दलापेक्षा अधिक असता कामा नये. वर सांगितलेल्या कर्जात व्याज मुद्दलाच्या पुढे जाते, मग हा नियम मोडत नाही काय, असा प्रश्न वाचकाच्या मनात येईल. तो मोडत नाही, कारण येथे व्याज तुंबत नाही. ते महिन्याच्या महिन्याला फिटत जाते, आणि दामदुपटाचा बांध तुंबलेल्या व्याजासाठी होता. जुन्या मालगुजारी मुलखात सावकाराच्या वहीत वाढत जाणारा आकडा निदान डोळ्यांना दिसे व त्याची धास्ती वाटे. बँकेच्या कर्जातले व्याज दरमहा पगारातून निघून जाते आणि दिसत नाही, म्हणून त्याचे ओझे आपल्याला जाणवत नाही.

न्याय्य बोलायचे तर दुसरी बाजूही मांडली पाहिजे. वीस वर्षांनी दिलेला रुपया आजच्या रुपयाइतका मोलाचा नसतो. महागाई वर्षाला सहा टक्क्यांनी वाढत गेली, तर आजच्या हिशेबाने तो एकतीस पैशांचा उरतो. शिवाय घर घेतले नसते तर भाडे द्यावेच लागले असते. म्हणून ५२ लाख हा आकडा भयसूचक मानून घरच घेऊ नये, असे मी म्हणणार नाही. पण महागाईचा हा दिलासा ज्याचा पगार महागाईबरोबर चढतो त्यालाच मिळतो. कोळसा उद्योगातील कायम कामगाराचे वेतन राष्ट्रीय करारांनी ठरते. मे २०२३ मध्ये सही झालेल्या अकराव्या करारात १९ टक्के किमान वाढ मान्य झाली. त्याच खाणीच्या तोंडाशी कंत्राटदाराकडे राबणाऱ्या मजुराला, किंवा सिमेंट कारखान्यात माल भरणाऱ्या हंगामी हाताला, अशा कराराचा आधार सहसा नसतो. दोघांचा हप्ता सारखा असला तरी दहा वर्षांनंतर एकाला तो हलका झालेला असतो आणि दुसऱ्याला पहिल्या दिवसाइतकाच जड असतो.

आणि हप्ता तरी स्थिर असतो असे कोठे आहे? ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची बदलत्या दराची नवी गृहकर्जे बाह्य मानदंडाला, बहुतेक ठिकाणी रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराला, जोडली गेली आहेत. मे २०२० ते मे २०२२ या काळात हा दर चार टक्क्यांवर होता, आणि त्या स्वस्ताईत अनेकांनी पावणेसात टक्क्यांच्या आसपास कर्जे घेतली. पुढे अवघ्या नऊ-दहा महिन्यांत, फेब्रुवारी २०२३ पर्यंत, तो साडेसहावर गेला. ६.७ टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतलेल्या २५ लाखांचा हप्ता १८,९३५ रुपये होता, दर ९.२ झाला, की त्याच २५ लाखांवरचे एका महिन्याचे व्याजच १९,१६७ होते. म्हणजे नुकतेच कर्ज घेतलेल्याचा हप्ता तसाच ठेवला, तर मुद्दल फिटण्याऐवजी वाढू लागावे! अशा वेळी हप्ता न वाढवता मुदत लांबवण्याचा मार्ग अनेक ठिकाणी अवलंबला गेला, आणि कर्जदाराला ते बऱ्याच उशिरा समजले. रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकाने यावर बंधन घातले: दर बदलला की हप्ता वाढवावा, मुदत वाढवावी, की दोन्ही थोडे थोडे करावे, हे निवडण्याचा अधिकार कर्जदाराचा आहे, आणि त्याला तो सांगितला गेला पाहिजे. फेब्रुवारी २०२५ पासून रेपो दर पुन्हा उतरू लागला. ज्यांची मुदत चढत्या काळात लांबली, त्यांनी उतरत्या काळात हप्ता कमी न करता मुदत मागे आणून घ्यावी, असे माझे आग्रहाचे सांगणे आहे.

किरकोळ वाटणारे खर्चही याच हिशेबात धरले पाहिजेत. मुद्रांक शुल्क, नोंदणी, प्रक्रिया शुल्क, वकिलाचा शोध अहवाल हे एकदाच द्यावे लागतात. पण कर्जाबरोबर घ्यावयास लावलेल्या विम्याचा एकरकमी हप्ता पुष्कळदा कर्जातच मिळवला जातो, आणि मग पाऊण लाखाचा तो विमा आरंभीच्या उदाहरणातल्या अटींवर दीड लाखाच्या पुढे पडतो. सपाट दराची भाषा कोणी बोलत असेल, तर सावध व्हावे: दहा वर्षांसाठी सपाट दहा टक्के म्हणजे घटत्या शिलकीवर सोळा टक्क्यांच्या जवळ. १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या किरकोळ कर्जांसाठी मुख्य तथ्य विवरण देणे बँकांवर व वित्तकंपन्यांवर बंधनकारक आहे. त्यात शुल्कांसह पडणारा वार्षिक दर आणि हप्त्यांचा संपूर्ण तक्ता असतो, आणि ते कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत द्यावे लागते. तेव्हा ते मराठीत मागून घ्यावे, आणि घरातील कमावत्या व न कमावत्या सर्वांनी एकत्र बसून वाचावे.

मुदत तोडण्याचे साधन कर्जदाराच्या हाती आहे, पण ते फार थोडे लोक वापरतात. बँकांच्या बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड २०१२ पासून नाही. पहिल्या वर्षापासून वर्षाकाठी एक हप्ता जादा भरला, दिवाळीच्या बोनसमधून म्हणा किंवा धानाच्या पैशातून म्हणा, तर आरंभीच्या उदाहरणातले वीस वर्षांचे कर्ज पावणेसतरा वर्षांत फिटते आणि पाच लाखांच्या आसपास व्याज वाचते. यासाठी कोणतीही योजना लागत नाही. आरंभीच्या वर्षांत भरलेला जादा रुपया सर्वांत अधिक काम करतो, एवढे ध्यानात असले म्हणजे पुरे.

इतका वेळ जमीन निर्दोष आहे असे आपण गृहीत धरले. चंद्रपूर जिल्ह्यात तसे धरता येत नाही. नझूल पट्ट्यावरची घरे, अकृषक परवान्याशिवाय पाडलेल्या ले-आउटमधील प्लॉट, इरई आणि झरपट यांच्या पूररेषेत चढलेल्या वस्त्या, यांवर बँक सहसा कर्ज देत नाही, आणि मग खरेदीदार महाग दराच्या खासगी वित्तकंपनीकडे जातो. कागदाची उणीव अशी व्याजाच्या रूपाने वीस वर्षे भरली जाते. आणि कागद निर्दोष असला तरी त्याखाली काय आहे? शतकाहून अधिक काळ या भूमीच्या पोटातून कोळसा काढला गेला आहे. २६ ऑगस्ट २०२२ रोजी घुग्घुसच्या अमराई प्रभागात, जुन्या भूमिगत खाणीच्या परिसरात, एक राहते घर क्षणार्धात साठ-सत्तर फूट खोल खचले. घरातली माणसे बाहेर पडलेली होती म्हणून वाचली. अशा प्रसंगी घर नाहीसे होते, पण घरावर कर्ज असेल तर ते राहते, कारण करार मनुष्याशी झालेला असतो. तेव्हा खाणपट्ट्यात घर घेणाऱ्याने सातबारा आणि फेरफार पाहण्याइतक्याच काळजीने जुन्या खाणींचे नकाशे विचारावेत, आणि घराच्या विमापत्रात जमीन खचण्याची जोखीम कोणत्या अटींवर घेतली आहे व उत्खननामुळे झालेली हानी वगळली आहे काय, हे वाचून पाहावे. विम्याचा हा वार्षिक खर्च हप्त्यात दिसत नाही. तोही घराचीच किंमत आहे.

वैनगंगा ओलांडून गडचिरोलीत शिरले म्हणजे प्रश्नाचे स्वरूपच पालटते. २६ ऑगस्ट १९८२ रोजी चंद्रपुरातून वेगळा झालेला हा जिल्हा बव्हंशी अरण्याखाली आहे. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या ३६-अ कलमाने १९७४ पासून आदिवासीची जमीन बिगर-आदिवासीकडे विक्रीने, दानाने किंवा गहाणानेही पूर्वपरवानगीवाचून जाऊ शकत नाही. वनहक्क कायदा, २००६ खाली मिळालेला पट्टा वारसांना जातो, पतिपत्नी दोघांच्या नावे नोंदला जातो, पण तो विकता येत नाही की हस्तांतरित करता येत नाही. धानोरा तालुक्यातील मेंढा-लेखा या गावाने तर २०१३ मध्ये आपली शेतजमीन ग्रामदान कायद्याखाली ग्रामसभेच्या स्वाधीन केली. हे सारे निर्बंध आवश्यकच होते. नसते तर या जमिनी केव्हाच सावकारांच्या नावे झाल्या असत्या. परंतु जी जमीन गहाण पडत नाही, तिच्यावर बँकेचे गृहकर्जही मिळत नाही.

मग घरकुल योजनेतून या भागात जे अनुदान मिळते, त्यात विटा, सळ्या आणि दूरवरून आणावयाचे सिमेंट यांचा मेळ न बसल्यास उरलेली रक्कम कोठून यावी? ती बचतगटाकडून, विनातारण सूक्ष्मकर्जातून किंवा परिचित सावकाराकडून येते, आणि तिचा दर चंद्रपूरच्या पगारदाराच्या साडेआठ टक्क्यांपेक्षा कितीतरी चढा असतो. ज्याची मिळकत सर्वांत कमी त्याचे घर व्याजाच्या हिशेबाने सर्वांत महाग, हा अन्याय मला फार बोचतो. त्यातही हप्ता आठवड्याचा किंवा महिन्याचा असतो, आणि घरात पैसा येतो तो मे महिन्यात तेंदूपानाचा व दिवाळीनंतर धानाचा. जेथे ग्रामसभा स्वतः बांबू आणि तेंदू विकून मोठी उलाढाल करीत आहेत, तेथे त्या ग्रामसभांच्या हमीवर, जमीन गहाण न घेता, वर्षातून दोन हप्त्यांत, तेंदू आणि धान यांच्या हंगामाशी जुळवून फेडावयाचे घरकर्ज जिल्हा सहकारी बँकेने आणि राष्ट्रीयीकृत बँकांनी द्यावे. कर्जदाराची ऐपत पगारपत्रकावरून मोजता येते तशी ती ग्रामसभेच्या विक्रीच्या हिशेबावरूनही मोजता येईल, आणि तो हिशेब ग्रामसभेत सर्वांसमोर मांडलेला असतो.