न पाहिलेल्या सिनेमाची धडधड

गेल्या पावसाळ्यात लालबागच्या माझ्या दवाखान्यात एक बाई नववीतल्या मुलाला घेऊन आल्या. ‘‘डॉक्टर, चार रात्री झोप नाही. छातीत धडधडतं म्हणतो. दृष्टही काढून झाली.’’ नाडी १०८ होती. रक्तदाब, कार्डिओग्राम मात्र व्यवस्थित. आईला बाहेर बसवल्यावर तो हळूच म्हणाला, ‘‘काका, एक बंदी घातलेला सिनेमा आहे. त्याच्या सगळ्या प्रती जाळल्या. जो बघतो तो आठवड्यात मरतो. मी त्यातला तुकडा मोबाइलवर पाहिला. आता तीनच दिवस राहिले.’’

वाचकहो, हरवलेले सिनेमे खरेच असतात. आपला पहिला बोलपट ‘आलम आरा’ १४ मार्च १९३१ रोजी गिरगावच्या मॅजेस्टिकमध्ये लागला. आज त्याची एकही प्रत उपलब्ध नाही. यात शापबिप काही नाही. त्या काळची नायट्रेटची फिल्म उष्ण, दमट हवेत खराब होते, चटकन पेट घेते. शिवाय आतल्या चांदीसाठी जुनी रिळे विकली जात. पण रिकाम्या जागी माणूस गोष्ट भरतो, आणि ‘बघू नका’ म्हटले की हमखास बघावेसे वाटते.

भीती वाटली की शरीरात ॲड्रिनॅलिन वाढते, हृदय जोरात चालते. आपण सुरक्षित आहोत हे ठाऊक असेल, तर त्यात गंमत वाटते. ते ठाऊक नसेल, तर तीच धडधड शापाचा पुरावा वाटू लागते. धडधडीने भीती, भीतीने जागरण, जागरणाने पुन्हा धडधड! ‘या गोळीने मळमळेल’ असे सांगितले, तर औषध नसलेल्या गोळीनेही काहींना मळमळते. तसाच हा प्रकार.

मी त्याला एवढेच विचारले, ‘‘अरे, बघणारे सगळे मेले, तर ही गोष्ट सांगितली कुणी?’’ तो प्रथमच हसला. संथ श्वास घ्यायला शिकवले आणि आठव्या दिवशी पुन्हा बोलावले. आला, तो चांगला झोपून!

पालकांनी मुलांना हसू नये, रागावून मोबाइल हिसकावू नये. काय पाहिले ते शांतपणे ऐकावे. झोपण्यापूर्वी तासभर मोबाइल दूर ठेवावा. धडधडीबरोबर चक्कर किंवा छातीत दुखणे असेल, तर आधी तपासणी करावी. दोन आठवडे झोप नसेल, तर मानसोपचारतज्ज्ञांना भेटावे. मूल जिवाचे बरेवाईट करण्याविषयी बोलले, तर मात्र एक दिवसही थांबू नये. सरकारच्या ‘टेलि-मानस’ सेवेचा १४४१६ हा क्रमांक याचसाठी आहे.